नागरिकत्वाची किंमत आणि माओरी पलटण

न्यूझीलंडच्या उत्तर बेटाच्या पूर्व किनाऱ्यावर रुआटोरिया नावाचे एक लहानसे गाव आहे. ६ ऑक्टोबर १९४३ रोजी या गावात हजारो माओरी स्त्री-पुरुष लोटले होते. निमित्त होते एका सन्मान-समारंभाचे. सेकंड लेफ्टनंट मोआना-नुई-अ-कीवा ङारिमू हा चोवीस वर्षेही पुरी न झालेला तरुण ट्युनिशियाच्या डोंगरात धारातीर्थी पडला होता आणि त्याला मिळालेला व्हिक्टोरिया क्रॉस देशाचे गव्हर्नर-जनरल त्याच्या मातापित्यांच्या हाती देणार होते. माओरी सैनिकाला मिळालेले ते पहिलेच व्हिक्टोरिया क्रॉस. या प्रसंगासाठी सर अपिराना ङाता या ज्येष्ठ माओरी नेत्याने एक पुस्तिका लिहिली होती. तिचे शीर्षक ‘नागरिकत्वाची किंमत’ असे होते. माओरींनी ही किंमत पुरेपूर मोजली असेल तर त्यांना या देशाचे पूर्ण नागरिक म्हणून वागवले जाणार की नाही, असा त्या पुस्तिकेतला रोखठोक प्रश्न होता.

ज्या अठ्ठाविसाव्या पलटणीमुळे हा प्रश्न विचारता आला, त्या पलटणीचा इतिहास पराक्रमाच्या कथा म्हणून सर्वत्र सांगितला जातो. परंतु तिच्या जन्मापासून तिच्याभोवती जो वाद घुटमळत राहिला, तो पराक्रमाचा नव्हे, या किमतीचा होता.

माओरी आणि ब्रिटिश राजसत्ता यांच्यात ६ फेब्रुवारी १८४० रोजी वाइटांगी येथे तह झाला. या तहाच्या तिसऱ्या कलमाने माओरींना ब्रिटिश प्रजाजनांचे सर्व हक्क बहाल केले होते. म्हणजे ङाता १९४३ साली जे मागत होते, ते कागदोपत्री शंभर वर्षांपूर्वीच दिले गेलेले होते. तह झाल्यानंतर पाव शतकही उलटले नाही तोच वाइकाटो प्रदेशात वसाहत सरकारच्या फौजा घुसल्या आणि बंडखोरीचे कारण दाखवून बारा लाख एकरांच्या आसपास जमीन सरकारजमा झाली. १८६७ साली संसदेत माओरींसाठी चार राखीव जागा निर्माण झाल्या, पण जमीन परत आली नाही. सरकारसाठी लढायला जावे की नाही या प्रश्नाचे उत्तर निरनिराळ्या माओरी जमातींनी निरनिराळे का दिले, हे या पार्श्वभूमीवाचून उमगणार नाही.

पहिल्या महायुद्धात पूर्व किनाऱ्यावरचे ङाटी पोरोऊ आणि रोटोरुआ भागातले ते आरावा यांनी उत्साहाने माणसे दिली. या जमाती १८६०च्या दशकातील युद्धांत बहुतांशी सरकारच्या बाजूने राहिल्या होत्या आणि त्यांच्या जमिनी त्यामानाने शाबूत होत्या. वाइकाटोने मात्र नकार दिला. राजघराण्यातल्या ते पुएआ या तेजस्वी स्त्रीने या नकाराचे नेतृत्व केले. राजासाठी आणि देशासाठी लढा असे सांगणाऱ्यांना तिचे उत्तर असे की, राजा आमचा आम्हाला आहे, देश मात्र तुम्ही काढून घेतला आहे. १९१७ साली सरकारने माओरींवर सक्तीची भरती लादली, आणि तीही एकट्या वाइकाटो भागापुरती. शंभरांवर तरुण पकडून नेले गेले, त्यांनी गणवेश चढवायला नकार दिला आणि तुरुंगवास पत्करला. तुरुंगात डांबलेल्यांपैकी एकालाही सरकार आघाडीवर पाठवू शकले नाही. या नकाराला भेकडपणा म्हणणाऱ्यांनी तुरुंगातल्या त्या तरुणांचा निग्रह लक्षात घेतलेला नाही.

१९३९ साली दुसरे महायुद्ध पेटले तेव्हा माओरींची लोकसंख्या सारी मिळून नव्वद हजारांच्या आसपास होती. सक्तीच्या भरतीतून या वेळी त्यांना वगळण्यात आले. वाइकाटोचा अनुभव सरकार विसरले नव्हते. तरीही ङाता आणि त्यांचे सहकारी यांनी स्वतंत्र माओरी पलटणीची मागणी लावून धरली आणि ४ ऑक्टोबर १९३९ रोजी सरकारने ती मान्य केल्याचे जाहीर केले. ही पलटण पायदळाची असावी, खंदक खणणारी वा रस्ते बांधणारी नसावी, यावर माओरी नेत्यांचा विशेष कटाक्ष होता. पहिल्या युद्धात त्यांच्या बहुतेक लोकांच्या हाती बंदुकीपेक्षा फावडेच अधिक काळ राहिले होते.

ङातांचा युक्तिवाद मराठी वाचकाला परका वाटू नये. माओरी पलटण उभी राहत होती त्याच सुमारास, १ ऑक्टोबर १९४१ रोजी, बेळगावात महार रेजिमेंटची स्थापना झाली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लष्कराचे दरवाजे ज्यांना बंद झाले होते, त्यांच्यासाठी ते पुन्हा उघडावेत म्हणून डॉ. आंबेडकरांनी सरकारशी दीर्घकाळ झगडा केला होता. दोन्ही ठिकाणच्या परिस्थितीत महदंतर आहे हे खरे. परंतु खांद्यावर बंदूक घेतलेल्या माणसाला पायाखाली तुडवणे सोपे नसते, ही जाणीव दोन्हीकडे सारखीच होती.

पलटणीची रचनाच मुळी जमातवार केलेली होती. उत्तरेकडच्या लोकांची ‘ए’ कंपनी. त्या भागात कौरी वृक्षाचा जमिनीत गाडला गेलेला डिंक खणून काढण्याचा धंदा चाले, म्हणून त्यांना ‘डिंक खणणारे’ म्हणत. रोटोरुआच्या बाजूची ‘बी’ कंपनी म्हणजे ‘पेनीसाठी बुड्या मारणारे’, कारण तिथली पोरे गोऱ्या प्रवाशांनी पाण्यात फेकलेली नाणी बुडी मारून काढीत. पूर्व किनाऱ्याची ‘सी’ कंपनी घोड्यावर वाढलेल्यांची, म्हणून ती ‘काउबॉय’. उरलेल्या सर्व मुलखाची मिळून ‘डी’ कंपनी; तिला ‘भटक्यांची जमात’ अशा अर्थाचे थट्टेखोर नाव पडले. नावे गमतीची खरी, पण त्यांतल्या दोन-तीन नावांत माओरींच्या उपजीविकेचे सारे अर्थशास्त्र सामावलेले आहे.

जमातवार रचनेचा लाभ असा की शेजारी लढणारा माणूस चुलतभाऊ किंवा मामेभाऊ असे, आणि त्याच्यादेखत पाय मागे घेणे अशक्य होई. तोटाही त्यातूनच उद्भवे. एखाद्या रात्री एक कंपनी कापली गेली की एका खोऱ्यातल्या घरोघरी एकाच आठवड्यात तारा येऊन थडकत.

अधिकारपदांचा प्रश्न लागलीच उभा राहिला. माओरींची पलटण, पण तिचा पहिला प्रमुख मेजर जॉर्ज डिटमर हा पाकेहा, म्हणजे युरोपीय वंशाचा. तो शिस्तीचा कडवा आणि कुशल सेनानी होता याविषयी कोणी वाद घातलेला नाही, पण माओरी पलटण माओरी माणसाच्या हाताखाली चालू शकेल हे सरकारला पटायला अडीच वर्षे लागली. मे १९४२ मध्ये एरुएरा लव्ह हे पहिले माओरी प्रमुख झाले. दोनच महिन्यांनी, जुलैमध्ये, ते रणांगणावर मारले गेले. त्यानंतर फ्रेडरिक बेकर आले, ते जखमी झाल्यावर एकोणतीस वर्षांच्या चार्ल्स बेनेट यांच्याकडे सूत्रे गेली आणि पुढे एकदोन अपवाद सोडता ती माओरी अधिकाऱ्यांकडेच राहिली.

२ मे १९४० रोजी पलटणीने वेलिंग्टन बंदर सोडले. इजिप्तला जायचे होते, पण वाटेत जहाजे इंग्लंडकडे वळवण्यात आली आणि जर्मन आक्रमणाच्या भीतीने धास्तावलेल्या त्या देशाच्या रक्षणासाठी पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाहून आलेले माओरी खंदकांत उभे राहिले. प्रत्यक्ष युद्ध त्यांच्या वाट्याला आले १९४१च्या एप्रिलात, ग्रीसमध्ये, ऑलिंपस पर्वताच्या खिंडीत. तिथून माघार, मग क्रीट आणि तिथेही माघारच. परंतु २७ मे १९४१ रोजी क्रीटमधल्या ‘बेचाळिसावा रस्ता’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या ठिकाणी या पलटणीने ऑस्ट्रेलियन सैनिकांसमवेत संगिनी रोखून जर्मनांवर जो हल्ला चढवला, त्याने पाठलाग करणारेच पळत सुटले. पुढे लिबिया, मग जून १९४२ मध्ये मिंकार काइम येथील वेढा रात्रीच्या अंधारात संगिनींच्या जोरावर फोडून बाहेर पडणे, मग अल-अलामीन. रोमेलने म्हणे या पलटणीविषयी कौतुकाचे उद्गार काढले होते. ही कथा न्यूझीलंडमध्ये आवडीने सांगितली जाते, तिला आधार मात्र मिळत नाही. शत्रूच्या प्रशस्तिपत्राची या पलटणीला गरजही नव्हती.

मार्च १९४३ मध्ये ट्युनिशियातील तेबागा खिंडीत ‘२०९’ क्रमांकाच्या टेकडीवर चढाई झाली. तिच्या पायथ्याच्या उंचवट्याला ‘सी’ कंपनीच्या जवानांनी हिकुरांगी हे आपल्या घरच्या पवित्र पर्वताचे नाव दिले होते. २६ मार्चच्या संध्याकाळी ङारिमूने आपली तुकडी घेऊन तो उंचवटा सर केला आणि मशीनगनची दोन ठाणी स्वतः नष्ट केली. त्याच्या खांद्याला आणि पायाला जखमा झाल्या, तरी मागे जाण्याची वरिष्ठांची सूचना त्याने मानली नाही. रात्रभर जर्मनांचे प्रतिहल्ले चालले. हातबाँब संपल्यावर दगडांचाही मारा झाला. सकाळी पुन्हा हल्ला आला, तेव्हा जागा न सोडता तो मारला गेला. त्यानंतर लवकरच टेकडीवरच्या जर्मनांनी शरणागती पत्करली.

या प्रसंगानंतर महिना उलटण्यापूर्वीच ताक्रूना येथे जे घडले, त्याची हकीकत ङारिमूइतकीच मोलाची, आणि तिचा शेवट मात्र निराळा आहे. ताक्रूना म्हणजे मैदानातून सरळ उभा राहिलेला, माथ्यावर गाव वसलेला खडक. १९ एप्रिलच्या रात्री त्याच्यावर हल्ला झाला आणि पलटणीची मोठी हानी झाली. उजाडल्यावर सार्जंट रॉजर्स आणि लान्स-सार्जंट हाने मनाही हे मूठभर माणसे घेऊन उभ्या कड्याने वर चढले. माथा हाती आला, शेकडो शत्रुसैनिक शरण आले. पुढे रॉजर्स मारले गेले. मनाही खाली उतरून रसद आणि कुमक घेऊन पुन्हा वर गेले, ठाणे गेल्यावर ते परत जिंकून घेण्याच्या कामीही तेच पुढे होते. ब्रिगेडियर किपेनबर्गर, जनरल फ्रायबर्ग यांच्यापासून थेट माँटगोमेरीपर्यंत वरिष्ठ सेनानींनी त्यांच्यासाठी व्हिक्टोरिया क्रॉसची शिफारस केली. लंडनमध्ये ती उतरली आणि मनाहींना डिस्टिंग्विश्ड कॉन्डक्ट मेडल मिळाले. एका पलटणीला महिन्याभरात दोन व्हिक्टोरिया क्रॉस नकोत, असे कोणाला वाटले असावे, अशी शंका माओरींच्या मनात कायमची घर करून राहिली. मनाही स्वतः याबद्दल फारसे बोलत नसत. १९८६ साली मोटार अपघातात त्यांचा अंत झाला. पुढे त्यांच्या ते आरावा जमातीने हा प्रश्न धसास लावला. युद्धकाळातील शौर्याचा फेरविचार न करण्याचा निर्णय राजे सहावे जॉर्ज यांच्या काळातच झालेला असल्याने क्रॉस मिळाला नाही. परंतु मार्च २००७ मध्ये रोटोरुआ येथे राणी एलिझाबेथ यांच्या वतीने त्यांचे वैयक्तिक पत्र, एक तलवार आणि चर्चच्या वेदीवर घालण्याचे वस्त्र जमातीला अर्पण करण्यात आले.

ताक्रूनावर माओरी चढत होते त्याच रात्री शेजारच्या जबल गार्सी डोंगरावर चौथी हिंदी डिव्हिजन झुंजत होती. राजपुताना रायफल्सचे कंपनी हवालदार-मेजर छेलू राम यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळवून देणारी लढाई ती हीच. हे दोन शेजारी पुढे इटलीत पुन्हा एकत्र आले. फेब्रुवारी १९४४ मध्ये मॉन्टे कासिनोचा मठ बाँबवर्षावाने उद्ध्वस्त झाल्यानंतर, १७ तारखेच्या रात्री, वर डोंगरावर राजपुताना आणि गुरखा सैनिक चालून गेले, तर खाली माओरी पलटणीच्या ‘ए’ आणि ‘बी’ कंपन्यांनी रेल्वे स्टेशनावर धडक मारली. दोन्ही हल्ले फसले. रेल्वेच्या भरावातली खिंडारे बुजवून रणगाड्यांसाठी वाट तयार करण्याचे इंजिनिअरांचे काम उजाडण्यापूर्वी थोडक्यात अपुरे राहिले, आणि दुपारी जर्मन रणगाडे आले तेव्हा स्टेशनात शिरलेल्या माओरींपाशी त्यांना थोपवण्याजोगे काही नव्हते. गेलेल्या सुमारे दोनशे जवानांपैकी एकशे तीसहून अधिक मृत, जखमी वा बेपत्ता झाले. तेच स्टेशन महिन्याभराने दुसऱ्या एका न्यूझीलंड पलटणीने घेतले.

इटलीतल्या शेवटच्या मोठ्या चढाईत तर मराठी माणसे अगदी त्यांच्या बाजूला होती. ९ एप्रिल १९४५ रोजी सेनिओ नदीवर न्यूझीलंडची डिव्हिजन आणि आठवी हिंदी डिव्हिजन खांद्याला खांदा लावून उतरल्या. माओरी पलटण आघाडीवर होती. त्याच संध्याकाळी मराठा लाइट इन्फन्ट्रीचे शिपाई नामदेव जाधव यांनी सुरुंग पेरलेल्या पट्ट्यातून आपल्या जखमी साथीदारांना पाठीवर वाहून आणले आणि मशीनगनची ठाणी एकट्याने उडवली. अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातला तो शेतकऱ्याचा मुलगा आणि त्या नदीवर त्याच्या शेजारी लढणारे कौरीच्या डिंकावर वाढलेले माओरी, हे दोघेही ज्यांच्या साम्राज्यासाठी लढत होते त्यांच्याकडून दोघांच्याही लोकांना काही येणे होते.

२३ जानेवारी १९४६ रोजी पलटण वेलिंग्टनला परतली. सुमारे ३,६०० जण तीत लढले. पैकी ६४९ मृत्युमुखी पडले, १,७१२ जखमी झाले, २३७ कैदी झाले. न्यूझीलंडच्या इतर पायदळ पलटणींच्या मानाने हे प्रमाण जवळपास दीडपट होते, आणि वैयक्तिक शौर्यपदकांची संख्याही देशातल्या कोणत्याही पलटणीपेक्षा अधिक. जमातींनी ज्यांच्याकडे उद्याचे शिक्षक, वकील, पुढारी म्हणून पाहिले होते, त्यांतले पुष्कळसे परत आले नाहीत. पदवीधर माओरी आधीच हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. ङाता स्वतः १८९३ साली पदवी घेणारे पहिले माओरी. त्यांना या हानीची किंमत इतरांहून अधिक कळत होती. ङारिमूच्या स्मरणार्थ त्यांनी पुतळ्यापेक्षा माओरी विद्यार्थ्यांच्या शिष्यवृत्त्यांसाठी निधी उभारण्यावर भर दिला, आणि त्या शिष्यवृत्त्या आजही दिल्या जातात. दैवदुर्विलास असा की रुआटोरियाच्या समारंभापूर्वी दोन आठवडेही झाले नव्हते तोच, १९४३च्या सप्टेंबरातल्या निवडणुकीत, अडतीस वर्षे राखलेली संसदेतील आपली जागा त्यांनी गमावली होती.

किंमत तर मोजली गेली. बदल्यात काय मिळाले? पेन्शन, कर्जे, घरे यांचे कायदे झाले, शेतीसाठी जमिनी मिळाल्या त्या थोड्यांना. युद्धापूर्वी बहुसंख्येने खेड्यांत राहणारा माओरी समाज पुढच्या चाळीस वर्षांत शहरांत लोटला गेला आणि तिथे त्याला भाड्याची खोली नाकारली जाऊ लागली. फेब्रुवारी १९५९ मध्ये ऑकलंडजवळच्या पापाकुरा येथे एका हॉटेलात डॉ. हेन्री बेनेट या माओरी मनोविकारतज्ज्ञाला केवळ माओरी म्हणून पेय नाकारण्यात आले. त्याच वर्षी त्यांचे बंधू, अल-अलामीननंतर पलटणीचे नेतृत्व केलेले चार्ल्स बेनेट, मलायामध्ये न्यूझीलंडचे हायकमिशनर म्हणून रुजू झाले. परदेशात देशाचे प्रतिनिधित्व एका भावाने करावे आणि दुसऱ्याला स्वदेशातल्या हॉटेलात बसता येऊ नये, हे चित्र पुढाऱ्यांच्या कैक भाषणांहून बोलके होते.

रग्बीच्या बाबतीत तर लाज अधिकच उघडी पडली. १९४९ साली दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यावर जाणाऱ्या राष्ट्रीय संघातून माओरी खेळाडूंना तिथल्या गोऱ्या राजवटीच्या मर्जीखातर वगळण्यात आले. त्या वेळी जाहीरपणे संताप व्यक्त करणाऱ्यांत, आपल्या हाताखाली माओरींना लढताना पाहिलेले किपेनबर्गर अग्रभागी होते. १९६० साली पुन्हा तेच घडले. ‘माओरी नाहीत तर दौराही नाही’ या मागणीवर दीड लाखांच्या वर सह्या झाल्या, तरीही संघ माओरींना घरी ठेवून गेलाच. युद्ध संपून तेव्हा पंधरा वर्षे झाली होती.

मग वाइकाटोच्या त्या नकारातच शहाणपण होते काय? असा निवाडा देणे घाईचे ठरेल. ज्यांच्याजवळ जमीन उरली होती त्यांना लढून प्रतिष्ठा वाढवता येईल असे वाटले, ज्यांची जमीन गेली होती त्यांना आधी हिशेब हवा होता. दुसऱ्या महायुद्धात ते पुएआ यांचाही विरोध पूर्वीइतका कडवा राहिला नाही, आणि जे स्वेच्छेने गेले त्यांना त्यांनी अडवले नाही. शिवाय पलटणीतून परतलेल्या माणसांना संघटना करण्याची, कागदपत्रे हाताळण्याची, गोऱ्या अधिकाऱ्यापुढे ताठ मानेने बोलण्याची सवय लागली होती. पुढल्या काळातील जमिनीच्या, भाषेच्या चळवळीत त्यांची आणि त्यांच्या मुलांची नावे वारंवार भेटतात. १९७५ साली वाइटांगी न्यायाधिकरण स्थापन झाले, १९८७ साली माओरी ही अधिकृत भाषा झाली आणि १९९५ साली वाइकाटोच्या जमीनजप्तीबद्दल क्षमायाचना असलेल्या कायद्यावर राणी एलिझाबेथ यांनी न्यूझीलंडमध्ये येऊन स्वहस्ते सही केली. परंतु जे मिळाले ते युद्धातील बलिदानाकडे पाहून सरकारने आपणहून दिले, असे म्हणणे इतिहासाला धरून होणार नाही. प्रत्येक गोष्टीसाठी मोर्चे, दावे आणि अर्ज करावे लागले. ङातांच्या हिशेबात हीच एक बाब सुटली होती. किंमत चुकती केल्यावर माल आपोआप हाती येतो असे त्यांनी गृहीत धरले होते.

माजी सैनिकांची संघटना सदस्य मोजकेच उरले म्हणून २०१२ साली विसर्जित झाली. पलटणीतील अखेरचे हयात सैनिक सर रॉबर्ट गिलीज नोव्हेंबर २०२४ मध्ये नव्व्याण्णवाव्या वर्षी निवर्तले. युद्धानंतर न्यूझीलंडमध्ये सैनिकांना मोहिमेची पदके घरपोच दिली जात नसत, ती अर्ज करून मागवावी लागत. पलटणीतल्या शेकडो जणांनी तो अर्ज कधी केलाच नाही. ती पदके अलीकडच्या काही वर्षांत जमातींच्या सभागृहांच्या अंगणात, नावे मोठ्याने पुकारून, त्यांच्या मुलांच्या आणि नातवंडांच्या हाती देण्यात आली.